उमेदवार

मुलांनो, परभणीत जिंतूर रस्त्याने जाताना दुचाकी दुरुस्तीची दुकाने तुम्ही पाहिली असतील. दुकानाच्या दारात मोटारसायकल उभी असते. एक मोठा कारागीर खाली बसून इंजिन उघडतो. शेजारी चौदा-पंधरा वर्षांचा मुलगा हातात पाना घेऊन उभा असतो. कारागिराने हात पुढे करताच मुलगा योग्य तो पाना त्याच्या हातावर ठेवतो. कारागिराला सारे ‘उस्ताद’ म्हणतात. मुलगा त्याचा शागीर्द. मराठीत आपण ‘वस्ताद’ म्हणतो, तो शब्द ‘उस्ताद’ वरूनच आला.

असाच आणखी एक शब्द तुमच्या घरातून मराठीत आला आहे. तो म्हणजे ‘उमेदवार’. निवडणूक आली की हा शब्द भिंतीभिंतीवर दिसतो. पण त्याचा मूळ अर्थ निवडणुकीचा नाही. ‘उम्मीद’ म्हणजे आशा. जो आशा धरून बसला आहे, तो उमेदवार. जुन्या काळी कचेरीत काही तरुण बिनपगारी काम करीत. ते लिहिणे, हिशेब ठेवणे, दप्तर लावणे शिकत. आज ना उद्या जागा रिकामी होईल आणि आपल्याला नोकरी मिळेल, अशी त्यांना उमेद असे. म्हणून त्यांना उमेदवार म्हणत. ‘त्याने दोन वर्षे उमेदवारी केली’ असे मराठीत आजही म्हणतात.

आज कारखान्यात किंवा कार्यालयात काम शिकणाऱ्या तरुणाला कायद्याच्या भाषेत ‘शिकाऊ उमेदवार’ म्हणतात. या पाठात आपण दोन गोष्टी समजून घेऊ. शिकाऊ उमेदवाराचे हक्क कोणते? आणि त्या हक्कांवर लक्ष ठेवण्यासाठी सरकारात जो राज्यमंत्री असतो, त्याचे काम काय?

शागीर्द आणि शिकाऊ उमेदवार

उस्तादाजवळ काम शिकणे ही चांगलीच गोष्ट आहे. सुतारकाम, शिवणकाम, नक्षीकाम, लोहारकाम ही सारी हुन्नरे पिढ्यान्‌पिढ्या अशीच चालत आली. वडिलांनी मुलाला शिकवले, उस्तादाने शागीर्दाला शिकवले. पुस्तकात नसलेल्या कितीतरी गोष्टी हात हाताला शिकवतो.

पण या पद्धतीत एक मोठी उणीव आहे. शागीर्दाजवळ कागद नसतो. किती वर्षे शिकायचे, दरमहा किती पैसे मिळतील, हे कोठे लिहिलेले नसते. यंत्रात बोट सापडले तर दवाखान्याचा खर्च कोण करील, हेही ठरलेले नसते. पाच वर्षे शिकून मुलगा दुसऱ्या शहरात गेला, तर तेथील मालक विचारतो, “तुला काम येते याचा पुरावा काय?” मुलगा आपले हात दाखवतो. पण हातावर शिक्का नसतो.

ही उणीव दूर करण्यासाठी भारताच्या संसदेने १९६१ साली ‘शिकाऊ उमेदवार कायदा’ केला. या कायद्याने काय दिले ते क्रमाने पाहू.

पहिली गोष्ट म्हणजे करार. उमेदवार आणि मालक यांच्यात लेखी करार होतो. उमेदवार अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांपेक्षा लहान असेल, तर त्याच्या वतीने पालक सही करतात. हा करार सरकारकडे नोंदवला जातो. चौदा वर्षांच्या आतील मुलाला उमेदवार म्हणून घेता येत नाही. धोक्याच्या उद्योगांत तर वयाची अट अठरा वर्षांची आहे.

दुसरी गोष्ट म्हणजे विद्यावेतन. उमेदवार शिकत असला तरी त्याला दरमहा पैसे द्यावेच लागतात. २०१९ साली नियम बदलले. त्या नियमांत किमान विद्यावेतन शिक्षणानुसार दरमहा ५,००० ते ९,००० रुपये ठरवले गेले. ‘राष्ट्रीय शिकाऊ उमेदवारी प्रोत्साहन योजना’ २०१६ साली सुरू झाली. तिच्यात विद्यावेतनाचा चौथा हिस्सा, पण जास्तीत जास्त दरमहा १,५०० रुपये, केंद्र सरकारने उचलायचे असे ठरले. २०२३ पासून सरकारचा हा वाटा सरळ उमेदवाराच्या बँक खात्यात जमा होऊ लागला.

तिसरी गोष्ट म्हणजे सुरक्षितता. काम करताना इजा झाली, तर मालकाने भरपाई द्यावी असे कायदा सांगतो. अधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय उमेदवाराकडून जादा तास काम करून घेता येत नाही.

चौथी गोष्ट म्हणजे प्रमाणपत्र. शिक्षण पूर्ण झाल्यावर परीक्षा होते आणि उत्तीर्ण उमेदवाराला राष्ट्रीय प्रमाणपत्र मिळते. ते परभणीत चालते, पुण्यात चालते, हैदराबादेतही चालते. हातावरचा शिक्का म्हणतात तो हाच.

मात्र एक गोष्ट हा कायदा देत नाही, हेही नीट लक्षात ठेवा. उमेदवारी संपल्यावर त्याच मालकाने नोकरी दिलीच पाहिजे, असे बंधन नाही. करारात तसे लिहिले असेल तरच ते बंधन येते. म्हणून सही करण्यापूर्वी करार वाचावा लागतो.

मालकांनी उमेदवार का घ्यावेत?

तुम्ही म्हणाल, एखाद्या मालकाला उमेदवार नकोच असतील तर? कायद्याने त्याचाही विचार केला आहे. २०१९ च्या नियमांप्रमाणे ज्या ठिकाणी ३० किंवा अधिक माणसे काम करतात, तेथे उमेदवार घेणे सक्तीचे आहे. एकूण माणसांच्या अडीच टक्क्यांपासून पंधरा टक्क्यांपर्यंत उमेदवार घ्यावेत असा नियम आहे. गणित करून पाहा. एका कारखान्यात २०० माणसे असतील, तर निदान ५ उमेदवार घ्यावे लागतील आणि जास्तीत जास्त ३० घेता येतील. जेथे ४ ते २९ माणसे आहेत, तेथे उमेदवार घेणे मालकाच्या इच्छेवर आहे.

सक्ती मोडणाऱ्या मालकाला पूर्वी तुरुंगवासाची शिक्षा होऊ शकत असे. २०१४ साली कायद्यात दुरुस्ती झाली आणि तुरुंगवासाऐवजी दंड आला. प्रत्येक न भरलेल्या जागेमागे पहिले तीन महिने दरमहा ५०० रुपये आणि पुढे दरमहा १,००० रुपये असा तो दंड ठरला. शिक्षेची भीती दाखवण्यापेक्षा मालकाला पैशाचे साहाय्य द्यावे, म्हणजे तो आपणहून उमेदवार घेईल, असा विचार त्यामागे होता.

राज्यमंत्री म्हणजे कोण?

कायदा झाला, नियम झाले. पण नियम आपोआप चालत नाहीत. मोटेला बैल लागतो आणि बैलामागे माणूसही लागतो. कौशल्याच्या कामामागे उभा असलेला माणूस म्हणजे त्या खात्याचा मंत्री आणि त्याच्या जोडीचा राज्यमंत्री.

तुमच्या घरी मंत्र्याला ‘वजीर’ म्हणत असतील. बुद्धिबळातला वजीर पटावर उभा, आडवा, तिरपा कसाही धावतो. राज्यमंत्र्याचे तसे नाही. मंत्रिमंडळात मुख्यमंत्री सर्वांत वर असतात. त्यांच्यानंतर कॅबिनेट मंत्री येतात. प्रत्येकाकडे एक किंवा अनेक खाती असतात. त्यांच्या मदतीला राज्यमंत्री असतात. कॅबिनेट मंत्री जे विषय सोपवतील, त्यांवर राज्यमंत्री निर्णय घेतो. मंत्रिमंडळाच्या दर आठवड्याच्या बैठकीत तो सामान्यतः बसत नाही. केंद्र सरकारात मात्र ‘स्वतंत्र प्रभार’ असलेले राज्यमंत्रीही असतात. त्यांच्या खात्यावर दुसरा कॅबिनेट मंत्री नसतो.

राज्यात मंत्री किती असावेत याला मर्यादा आहे. २००३ साली राज्यघटनेत ९१ वी दुरुस्ती झाली. तिच्यानुसार मंत्र्यांची संख्या विधानसभेच्या सदस्यसंख्येच्या पंधरा टक्क्यांहून अधिक असू नये. महाराष्ट्र विधानसभेत २८८ सदस्य आहेत. म्हणून मुख्यमंत्र्यांसह ४३ मंत्री होऊ शकतात. १५ डिसेंबर २०२४ रोजी नागपूर येथे ३९ मंत्र्यांनी शपथ घेतली. त्यांत राज्यमंत्री फक्त सहा होते. त्या सहांपैकी एक आपल्या जिल्ह्यातील जिंतूरच्या आमदार मेघना बोर्डीकर होत्या. त्यांच्याकडे आरोग्य, ऊर्जा, महिला व बालविकास इत्यादी खात्यांचे काम आले. त्याआधी, २०१४ पूर्वीच्या राज्य सरकारात परभणीच्या फौजिया खान राज्यमंत्री होत्या. शालेय शिक्षण हे त्यांच्याकडील खात्यांपैकी एक होते. एप्रिल २०२० मध्ये त्या राज्यसभेवर गेल्या. मुलींनो, राज्यमंत्र्याची खुर्ची आपल्या जिल्ह्यापासून फार दूर नाही, हे यावरून ध्यानात घ्या.

कौशल्य हे स्वतंत्र खाते तसे नवे आहे. केंद्रात नोव्हेंबर २०१४ मध्ये कौशल्य विकास व उद्योजकता हे वेगळे मंत्रालय झाले आणि राजीव प्रताप रूडी त्याचे स्वतंत्र प्रभार असलेले राज्यमंत्री झाले. जून २०२४ मध्ये जयंत चौधरी यांनीही याच खात्याची सूत्रे स्वतंत्र प्रभार असलेले राज्यमंत्री म्हणून घेतली. महाराष्ट्रात २०१६ ते २०१९ या काळात मराठवाड्यातील निलंग्याचे संभाजी पाटील निलंगेकर या खात्याचे कॅबिनेट मंत्री होते आणि अकोल्याचे डॉ. रणजित पाटील राज्यमंत्री होते. २०१९ नंतरच्या सरकारात साताऱ्याकडील शंभूराज देसाई यांच्याकडे इतर खात्यांबरोबर कौशल्य विकासाचे राज्यमंत्रिपद होते. म्हणजे एकाच राज्यमंत्र्याकडे गृह, अर्थ, नियोजन अशी मोठी खाती आणि त्यांतच कौशल्य विकास! अशा वेळी मोठ्या खात्यांच्या गर्दीत लहान खाते मागे पडू नये, याची काळजी घ्यावी लागते.

राज्यमंत्री काय काम करतो?

राज्यमंत्र्याचे काम तीन ठिकाणी चालते.

पहिले ठिकाण म्हणजे मुंबईचे मंत्रालय. येथे काम कागदावर चालते. समजा, एखाद्या तालुक्याच्या औद्योगिक प्रशिक्षण संस्थेत, म्हणजे आयटीआयमध्ये, वेल्डिंगचे यंत्र जुने झाले आहे. प्राचार्य वरच्या कार्यालयाला पत्र लिहितात. ते पत्र व्यवसाय शिक्षण व प्रशिक्षण संचालनालयात जाते. तेथून मंत्रालयात कक्ष अधिकारी, अवर सचिव, उपसचिव, सचिव अशी पायरी पायरीने फाईल चढते. प्रत्येक जण आपला शेरा लिहितो. मग विषयानुसार ती राज्यमंत्र्यांकडे किंवा मंत्र्यांकडे येते. फाईल वेळेवर पुढे गेली, तर मुले त्याच वर्षी नव्या यंत्रावर शिकतात. फाईल पडून राहिली, तर एक तुकडी जुन्या यंत्रावर शिकून निघून जाते. तिचे गेलेले वर्ष परत येत नाही.

दुसरे ठिकाण म्हणजे विधिमंडळ. येथे आमदार प्रश्न विचारतात. आपल्या जिल्ह्यात परभणी, जिंतूर, गंगाखेड आणि पाथरी असे विधानसभेचे चार मतदारसंघ आहेत. तेथील आमदार विचारू शकतात, “माझ्या मतदारसंघातील आयटीआयमध्ये शिल्प निदेशकाची जागा रिकामी का आहे? ती केव्हा भरणार?” याला तारांकित प्रश्न म्हणतात. उत्तर सभागृहात उभे राहून द्यावे लागते. पुष्कळदा हे उत्तर राज्यमंत्री देतात. दिलेले उत्तर कामकाजात नोंदले जाते. ‘तीन महिन्यांत जागा भरू’ असे सांगितले, तर तीन महिन्यांनी पुन्हा कोणी विचारू शकतो.

तिसरे ठिकाण म्हणजे प्रत्यक्ष जिल्हा. राज्यमंत्री दौरा करतो, संस्था पाहतो, मालकांची आणि अधिकाऱ्यांची बैठक घेतो. पूर्वी मंत्र्यांच्या गाडीवर लाल दिवा असे. १ मे २०१७ पासून तो दिवा गेला. पण लोकांनी दिव्याकडे कधी पाहू नये, कामाकडे पाहावे. मंत्र्याने फीत कापून, हार घालून घेऊन निघून जाणे म्हणजे दौरा नव्हे. कार्यशाळेत जाऊन एखाद्या मुलाला ‘तुझे विद्यावेतन खात्यात जमा झाले का?’ असे विचारणे, हा खरा दौरा होय.

आपल्या जिल्ह्याची अडचण

आता आपल्या परभणी जिल्ह्याकडे वळू. १ मे १९९९ रोजी हिंगोली जिल्हा वेगळा झाला. त्यानंतर आपल्याकडे नऊ तालुके राहिले: परभणी, जिंतूर, सेलू, मानवत, पाथरी, सोनपेठ, गंगाखेड, पालम आणि पूर्णा. हा गोदावरी, पूर्णा आणि दुधना या नद्यांचा मुलूख. काळी जमीन, कापूस, सोयाबीन, ज्वारी. १९७२ साली येथे कृषी विद्यापीठ स्थापन झाले. आज त्याचे नाव वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठ असे आहे.

शेतीचा हा जिल्हा. मोठे कारखाने येथे थोडे. सरकी काढण्याच्या जिनिंग कारखान्यांचे काम कापसाच्या हंगामात जोरात चालते आणि हंगाम संपला की थंडावते. साखर कारखान्यांचेही तसेच. आता मघाचा नियम आठवा. उमेदवार घेण्याची सक्ती जेथे तीस माणसे आहेत तेथेच. ज्या जिल्ह्यात असे कारखाने थोडे, तेथे उमेदवारांच्या जागाही थोड्या. कायदा पुण्याला आणि परभणीला एकच आहे, पण त्याचे फळ सारखे मिळत नाही. म्हणून आपल्याकडील किती तरी तरुण आयटीआय होताच वाळूज, चिकलठाणा किंवा चाकणच्या रस्त्याला लागतात. तेथे खोलीचे भाडे आणि खाणावळ यांतच बरेचसे विद्यावेतन संपते.

मग आपल्या भागात जागा कोठे असतात? एस. टी. महामंडळाच्या कार्यशाळांत यांत्रिक मोटारगाडी, वीजतंत्री अशा व्यवसायांचे उमेदवार घेतात. महावितरण कंपनी वीजतंत्री आणि तारतंत्री घेते. पूर्णा हे मोठे रेल्वे जंक्शन आहे. ज्या दक्षिण मध्य रेल्वेवर ते आहे, ती रेल्वेही वेळोवेळी जाहिरात काढून उमेदवार घेते. म्हणजे एकटे कौशल्य खाते पुरे पडत नाही. परिवहन, ऊर्जा, रेल्वे अशा अनेक खात्यांचा हात लागतो. येथेच राज्यमंत्र्याचे खरे काम असते. दोन खात्यांमध्ये अडकलेला धागा त्याने सोडवायचा असतो. शिवाय जेथे चार-पाच माणसे काम करतात अशा लहान गॅरेजमालकांना, वर्कशॉपवाल्यांना समजावून त्यांनाही योजनेत आणता येते. जिंतूर रस्त्यावरच्या त्या उस्तादाच्या दुकानात चार माणसे असतील, तर तोही नियमाने उमेदवार घेऊ शकतो. मग त्याच्या शागीर्दाला करार, विद्यावेतन आणि प्रमाणपत्र हे सारे मिळू शकते.

राज्य सरकारांनी काही नवे प्रयत्नही केले. १९ ऑक्टोबर २०२३ रोजी महाराष्ट्रात ५११ ग्रामीण कौशल्य विकास केंद्रांचे उद्‌घाटन झाले. २०२४ साली ‘मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजना’ सुरू झाली. तिच्यात सहा महिने काम शिकणाऱ्या बारावी उत्तीर्ण तरुणाला दरमहा ६,००० रुपये, आयटीआय किंवा पदविकाधारकाला ८,००० रुपये आणि पदवीधराला १०,००० रुपये विद्यावेतन ठरवले होते. पुष्कळ तरुणांनी तिचा लाभ घेतला. पण सहा महिने संपल्यावर पुढे काय, हा प्रश्नही लगेच उभा राहिला. उमेद जागवणे सोपे असते, ती शेवटपर्यंत नेणे अवघड असते.

चिठ्ठी हवी की हक्क?

आता एक प्रसंग डोळ्यांपुढे आणा. समजा, जिंतूरची एक मुलगी आहे. उर्दू माध्यमातून ती दहावी झाली. पुढे आयटीआयमध्ये दोन वर्षे वीजतंत्रीचा अभ्यास करून ती चांगल्या गुणांनी उत्तीर्ण झाली. तिला उमेदवारी करायची आहे. शेजारचे एक काका अब्बांना म्हणतात, “मियाँ, मंत्र्यांची चिठ्ठी आणा. चिठ्ठीशिवाय काम होत नाही.” अब्बा कामावर खाडा करून, भाड्याचे पैसे खर्चून मंत्र्यांच्या दौऱ्याच्या ठिकाणी जातात. तेथे शंभर माणसे चिठ्ठ्यांसाठी उभी असतात.

मुलांनो, विचार करा. त्या शंभर माणसांना चिठ्ठ्या मिळाल्या, तर जागा शंभर होतील काय? नाही. जागा होत्या तेवढ्याच राहतील. फक्त ज्याची ओळख मोठी, तो पुढे जाईल आणि ज्याचे गुण मोठे, तो मागे राहील. ज्या मुलीचे अब्बा येऊ शकले नाहीत, तिचे काय?

चिठ्ठी एका माणसाचे काम करते. नियम सर्वांचे काम करतो. चांगल्या राज्यमंत्र्याची खूण हीच, की त्याच्या चिठ्ठीची कोणाला गरज पडत नाही. जागा किती आहेत हे तो वेळेवर जाहीर करवतो. निवड गुणांवर होते की नाही हे पाहतो. रिकाम्या राहिलेल्या जागांचा जाब विचारतो. मंत्री होताना तो जी शपथ घेतो, तिच्यातही हेच आहे: कोणाला भिऊन नव्हे, कोणावर मेहेरबानी म्हणून नव्हे, तर राज्यघटनेला व कायद्याला धरून सर्वांना न्याय द्यायचा.

मग त्या मुलीने काय करावे? आधी आयटीआयमधील मार्गदर्शकांकडे जावे. शिकाऊ उमेदवारीच्या सरकारी संकेतस्थळावर नाव नोंदवावे. एस. टी., महावितरण, रेल्वे यांच्या जाहिरातींवर लक्ष ठेवावे. गुणपत्रक, शाळा सोडल्याचा दाखला आणि बँकेचे पासबुक तयार ठेवावे. निवड झाली की करार पूर्ण वाचून मगच सही करावी. मालकाशी वाद झाला, तर तो शिकाऊ उमेदवारीच्या सल्लागार अधिकाऱ्यापुढे लेखी मांडावा. त्याचा निर्णय पटला नाही, तर तीस दिवसांच्या आत अपील करता येते. या साऱ्या मार्गावर चिठ्ठी कोठेही लागत नाही. लागते ते वाचता-लिहिता येणे.

येथे तुमच्या मराठीच्या तासाचा उपयोग होतो. महाराष्ट्रातील सरकारी जाहिरात मराठीत निघते. अर्ज मराठीत करता येतो, माहिती मराठीत मागता येते. ज्या मुलाला ‘विद्यावेतन’, ‘करार’, ‘अज्ञान’, ‘अपील’ हे शब्द कळतात, त्याला कोणी सहज फसवू शकत नाही. उर्दू तुमच्या घराची भाषा आहे, ती जपा. आणि मराठीही इतकी आपली करा, की कचेरीच्या दारात दुसऱ्याला ‘एवढे वाचून दाखवा’ असे म्हणावे लागू नये.

जर्मनीसारख्या देशात उमेदवार आठवड्यातले तीन-चार दिवस कारखान्यात शिकतो आणि एक-दोन दिवस शाळेत बसतो. तेथे हाताने काम करणाऱ्याला कोणी कमी लेखत नाही. इंग्लंडमध्ये एप्रिल २०१७ पासून मोठ्या कंपन्यांवर उमेदवारीसाठी वेगळा आकार बसवला गेला. वर्षाला तीस लाख पौंडांहून अधिक पगार वाटणाऱ्या कंपनीने वरच्या रकमेवर अर्धा टक्का द्यायचा, असा तो नियम होता. कोणी कर लावतो, कोणी साहाय्य देतो, कोणी सक्ती करतो. मार्ग वेगळे, पण चिंता एकच. तरुण हातांना काम शिकवणार कोण?

आपल्या भाषेने या तरुणांना ‘उमेदवार’ हे फार सुंदर नाव दिले आहे. ज्याच्या मनात उमेद आहे तो उमेदवार. ती उमेद करारावर, विद्यावेतनावर आणि प्रमाणपत्रावर उभी राहावी, कोणाच्या मेहेरबानीवर नव्हे, हे पाहणे राज्यमंत्र्याचे काम. आणि त्याने ते केले की नाही, हे विचारणे आपले काम. उद्या तुम्ही मतदार व्हाल. तेव्हा हात जोडून चिठ्ठी मागू नका. ताठ उभे राहून प्रश्न विचारा: “आमच्या जिल्ह्यात या वर्षी उमेदवारांच्या जागा किती होत्या? किती भरल्या? ज्या भरल्या नाहीत, त्या का भरल्या नाहीत?”

शब्दार्थ

उमेद – आशा, हिंमत
शिकाऊ – शिकत असलेला
विद्यावेतन – शिकत असताना दरमहा मिळणारे पैसे
अज्ञान – (कायद्याच्या भाषेत) अठरा वर्षांपेक्षा कमी वयाचा
हुन्नर – हाताची कला, कौशल्य
मोट – विहिरीतून पाणी काढण्याचे जुने साधन
शेरा – अधिकाऱ्याने कागदावर लिहिलेले मत
शिल्प निदेशक – आयटीआयमध्ये काम शिकवणारे शिक्षक
खाडा करणे – कामावर न जाणे
जाब विचारणे – कारण सांगण्यास भाग पाडणे

स्वाध्याय

१. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) ‘उमेदवार’ या शब्दाचा मूळ अर्थ काय?
(आ) शिकाऊ उमेदवार कायदा कोणत्या साली झाला?
(इ) महाराष्ट्रात मुख्यमंत्र्यांसह जास्तीत जास्त किती मंत्री होऊ शकतात?

२. कारणे लिहा.
(अ) परभणी जिल्ह्यात उमेदवारांच्या जागा थोड्या आहेत.
(आ) सही करण्यापूर्वी करार वाचावा लागतो.

३. ‘चिठ्ठी एका माणसाचे काम करते. नियम सर्वांचे काम करतो.’ या वाक्यांचा अर्थ आठ-दहा ओळींत स्पष्ट करा.

४. पाठात आलेले आणि उर्दूतही वापरले जाणारे पाच शब्द शोधा. प्रत्येकाचा मराठी वाक्यात उपयोग करा.

५. उपक्रम : जवळच्या एखाद्या दुकानात किंवा कार्यशाळेत काम शिकणाऱ्या मुलाशी बोला. तो काय शिकतो, किती दिवस शिकतो, त्याच्याजवळ लेखी करार आहे का, हे विचारून मराठीत दहा ओळी लिहा.